दोघांपुरता कोच

मी एक कोच बोलतोय. दोघांपुरता. तिसरा बसायला आला तर कुणाला तरी मांडीवर घ्यावं लागेल, आणि मी ज्या घरात वाढलो तिथे असलं काही चालत नसे.

माझा जन्म इंग्लंडातल्या वायकूमचा. बीच नावाच्या झाडाच्या लाकडातून माझे चारही पाय सायलस प्लमरिज नावाच्या कातारी माणसाने कातले. मी तयार झालो तेव्हा त्याने बायकोला हाक मारली. दोघं माझ्यावर शेजारी शेजारी बसली, जरा पुढे-मागे हलली. "करकरत नाही," सायलस समाधानाने म्हणाला. ती म्हणाली, "म्हणजे मी करकरते असं म्हणायचंय का तुम्हाला?" माझ्यावर झालेलं ते पहिलं संभाषण.

पुढे हिरवी मखमल अंगावर चढली आणि मी ससेक्सच्या किनाऱ्यावर, हेल्सकोम गावात कॅप्टन ऑटलींच्या दिवाणखान्यात येऊन पडलो. पडलो म्हणणंही त्या घरात चुकीचं. कॅप्टनसाहेबांची मुलगी, मिस लेटिशिया ऑटली, गावातल्या दुकानदारांच्या मुलींना शिष्टाचार शिकवत असे, आणि तिचा पहिला धडा माझ्यावरच होई.

"कोचावर पडायचं नसतं, मुलींनो. उतरायचं असतं. पाखरू फांदीवर उतरतं तसं."

मुली उतरत. काही पाखरं वजनदार होती, पण मी कधी हूं की चूं केलं नाही. दुसरा धडा अंतराचा. बाई आणि पाहुणा पुरुष यांच्यात मिटलेला पंखा आडवा मावला पाहिजे. मिस ऑटलीकडे त्यासाठी एक हस्तिदंती पंखा होता. तो हवेसाठी उघडलेला मी क्वचितच पाहिला.

गावातले लोक तिला मानत आणि तिच्यापासून चार हात लांब राहत. तिच्यासमोर चमचा चुकीच्या बाजूला ठेवला जाईल या धास्तीने चांगली चांगली माणसं चहाला नाही म्हणत. आपल्याला मागणी घालायला कुणी आलंच नाही असं तिने एकदा एका मैत्रिणीला सांगितलं होतं. मला तरी आश्चर्य वाटलं नाही. मागणी घालताना गुडघा कोणता टेकायचा, उजवा की डावा, हे तिच्या तोंडून ऐकून घ्यायची हिंमत कुणात होती?

कॅप्टनसाहेब गेले. घर सोडावं लागलं. मिस ऑटलीने टोप्यांच्या दुकानावरच्या दोन खोल्या घेतल्या. त्या जिन्याच्या वळणावर मी अडकलो. तीन माणसं वरून ओढताहेत, दोन खालून ढकलताहेत, आणि मी भिंतीत पाचर बसावी तसा घट्ट. खाली रस्त्यात बघ्यांची गर्दी. तेवढ्यात त्या गर्दीतून एक जाडजूड गृहस्थ डोक्यावरची टोपी काढून पुढे आले आणि भारावल्यासारखे म्हणाले, "बाईसाहेब, तुमचा कोच काय सुंदर अडकलाय हो!"

हे अ‍ॅम्ब्रोज टायडी. समुद्राकाठी फोटो काढायचं दुकान चालवणारे, आणि दोन वर्षांपासून मूकपट बनवणारे. मिस ऑटलीने माझ्या हातावरून एकदा हात फिरवला, "जबरदस्ती करू नका त्याच्यावर," म्हणाली, आणि मला टायडींना विकून टाकलं. मी कशासाठी चाललोय याची तिला कल्पना नव्हती. मलाही नव्हती.

टायडींच्या दुकानामागे एक काचघर होतं. छत काचेचं, भिंती काचेच्या, म्हणजे भरपूर ऊन आत यावं. त्यात कापडावर रंगवलेल्या तीन भिंतींचा एक दिवाणखाना उभा केलेला. वारा सुटला की भिंतीवरची रंगवलेली तसबीर श्वास घेतल्यासारखी फुगायची. नऊ-दहा मिनिटांची विनोदी चित्रं तिथे तयार होत. विषय एकच: कुणीतरी कुणाच्या तरी प्रेमात पडलंय आणि सभ्यपणा आडवा येतोय. भावी सासऱ्यासमोर जावयाच्या हातमोज्याला भोक पडतं. चहाच्या टेबलाखाली भलत्याच पावलाला पाऊल लागतं. आणि सगळं घडतं ते माझ्यावर, कारण दुसरा कोच टायडींकडे नव्हता. एका वर्षात मी अकरा घरांचा दिवाणखाना झालो.

तिथला मुख्य नट जेबेझ फनेल. पन्नाशीला आलेला, उंच, बगळ्यासारखा. तरुणपणी रंगमंचावर गाणी म्हणायचा. आवाज गेला म्हणून मूकपटात आला. चेहरा असा की मयतालाही शोभावा, आणि त्या चेहऱ्याने तो जे करी त्यावर लोक गडाबडा लोळत. मेजर, पाद्री, हट्टी बाप, उशिरा घोड्यावर चढलेला नवरदेव, सगळं तोच.

त्याची एक खोड होती. मूकपटात शब्द ऐकू येत नाहीत, पाट्यांवर वाचायचे. मग तोंडाने काय बोलायचं? फनेल गुडघा टेकून, छातीवर हात ठेवून, डोळ्यांत पाणी आणून समोरच्या नटीला म्हणायचा, "हे देवी, आज जेवायला मटण आहे की कालच्याच बटाट्यांवर बोळवण?" ती ओठ चावून हसू दाबायची. टायडी कॅमेऱ्याचं हँडल फिरवत कर्ण्यातून ओरडायचे, "वा! काय लाजतेय! असंच लाज!"

या कंपनीचे कपडे शिवायची मिस केझाया अ‍ॅकहर्स्ट. लहानपणी तापात तिचे कान गेले होते; समोरच्याच्या ओठांवरून ती बोलणं वाचायची. दर शनिवारी ती गावातल्या चित्रगृहात तिसऱ्या रांगेत बसायची आणि सोमवारी काचघरात येऊन फनेलला झापायची.

"पाटीवर लिहिलंय 'माझ्या हृदयाची राणी'. आणि तुम्ही म्हणताय 'जरा सरक, खिळा टोचतोय'. लाज नाही वाटत?"

"पण खिळा होता, केझाया!"

होता. माझाच होता. तिने दुसऱ्याच दिवशी तो ठोकून बसवला आणि मला नवी मखमल चढवली.

तर असं सुखात चाललं असताना एका सकाळी काचघराचं दार उघडलं आणि मिस ऑटली आत आली. हातात छत्री, मिटलेली, टोक पुढे. आदल्या दिवशी कुणीतरी तिला मूकपट बघायला नेलं होतं आणि पडद्यावर तिने मला ओळखलं होतं.

"हा कोच," ती म्हणाली, "माझ्या वडिलांचा. यावर त्या माणसाने बूट ठेवले."

फनेल उठून उभा राहिला. "मीच तो माणूस, बाईसाहेब."

"दिसतंय. शिवाय तुमच्या त्या नायिकेने हातमोजे न काढता केक खाल्ला. तुम्ही टोपी दिवाणखान्यात आणलीत ते ठीक, पण ती चहाच्या टेबलावर ठेवलीत. आणि मागणी घालायला आलेला माणूस बाई उभी असताना बसतो? कुठल्या घरात?"

टायडी तोंड उघडणार होते, पण फनेल अगदी गंभीरपणे म्हणाला, "मग टोपी कुठे ठेवायची?"

"जमिनीवर. खुर्चीपाशी. तोंड वर करून."

"माझं?"

"टोपीचं!"

तिने त्याला करून दाखवलं. टोपी अशी, काठी अशी, हातमोजा उजवा काढलेला आणि डाव्यात धरलेला, आता बसा. फनेलने सगळं तंतोतंत केलं. टोपी ठेवली, काठी ठेवली, हातमोजा काढला, आणि सभ्यपणे, पाखरासारखा, माझा काठ चुकवून जमिनीवरच्या स्वतःच्याच टोपीवर उतरला. कुसकुरमुसकूर आवाज झाला. आणि मग मिस ऑटली हसली. तोंड उघडून, दात दिसतील अशी. हसून झाल्यावर तिने लगेच हात तोंडावर नेला, जणू तिथून कुणी परकंच बाहेर पडलं होतं.

टायडी फोटोवाले असले तरी माणूस ओळखायचे. त्यांनी तिथल्या तिथे तिला विचारलं, आमच्या मंडळींना शिष्टाचार शिकवाल का? ती नाही म्हणाली. दोन दिवसांनी आली आणि म्हणाली, त्या केकचा विचार करून मला झोप लागत नाही.

ती आल्यापासून आमची चित्रं दुप्पट हसवायला लागली. मी त्यावर पुष्कळ विचार केलाय; कोचाला दुसरं काम नसतं. नियम पक्का असला की मोडताना आवाज होतो, हेच त्याचं कारण. आधी आमची मंडळी नुसती धडपडत. आता ती अगदी बिनचूक वागता वागता धडपडू लागली, आणि बघणाऱ्याला त्यात आपला मेव्हणा दिसू लागला.

दुपारी काम थांबलं की सगळे अंगणात जात. मिस ऑटली मात्र आतच माझ्यावर डाव्या बाजूला बसे आणि फनेल उजव्या. मध्ये पंखा. तो पावात कुर्डूच्या भाजीसारखा काहीतरी हिरवा पाला घालून आणायचा आणि अर्धा तिला द्यायचा. ती त्याला काहीतरी शिकवायची, तो काहीतरी मुद्दाम चुकवायचा.

एकदा एका चित्राच्या निमित्ताने विषय निघाला, नकार कसा घ्यावा.

"बाईने नाही म्हटलं," मिस ऑटली म्हणाली, "की सभ्य माणूस वाकतो, टोपी उचलतो आणि पुन्हा तिच्या वाटेत येत नाही. दुसऱ्यांदा विचारणं म्हणजे पहिल्या उत्तराचा अपमान."

"आणि बाईचं मन बदललं तर?"

"ती ते बोलून दाखवत नाही. बाईने आपणहून असला विषय काढायचा नसतो."

"मग दोघंही गप्प?"

"सभ्य माणसं पुष्कळदा गप्पच असतात, मिस्टर फनेल."

तो पावाचे तुकडे दारातून अंगणातल्या चिमण्यांना टाकत बसला. नेहमीसारखी थट्टा त्याने केली नाही. मला तेव्हाच काहीतरी वेगळं जाणवायला हवं होतं.

एकोणीसशे बाराचा मे महिना. नव्या चित्रात एका मेजरने एका करारी आत्याबाईला मागणी घालायची होती. आत्याबाईचं काम करणाऱ्या मिस क्विनेलला नेमकी गालफुगी झाली. दोन्ही गाल मोसंब्यासारखे. टायडींनी आजूबाजूला पाहिलं आणि त्यांची नजर मिस ऑटलीवर थांबली.

"छे! मी आणि पडद्यावर?"

"तुम्हाला फक्त नकार द्यायचाय," टायडी म्हणाले. "मेजर गुडघा टेकतो. तुम्ही ताडकन उठायचं, त्याच्याकडे पाठ फिरवायची, तोंड कॅमेऱ्याकडे. दोन शब्द काहीही पुटपुटा. मग न बघता हात दाराकडे. तो जातो. झालं."

त्या दिवशी वारा भन्नाट होता. छताच्या काचा थडथडत होत्या, रंगवलेली भिंत फडफडत होती, कॅमेरा जात्यासारखा घरघरत होता आणि टायडींचा कर्णा त्या सगळ्यावर. मिस ऑटली माझ्यावर ताठ बसली होती. फनेल आला, टोपी बरोबर जमिनीवर ठेवली, आणि गुडघा टेकला. आधारासाठी त्याने माझा हात धरला. गुडघा टेकून झाला तरी सोडला नाही. मी त्याला शंभर वेळा गुडघे टेकताना पाहिलं होतं, पण असं कधी नाही.

बटाट्यांचं नाव निघालं नाही. तो म्हणाला, "मिस ऑटली, आज मी थट्टा करत नाहीये. एरवी विचारायला मला धीर झाला नसता, इथे कुणी ऐकत नाही म्हणून विचारतोय. माझ्याकडे फारसं काही नाही. पण तुम्ही माझ्याशी लग्न कराल का?"

ती त्याच्याकडे बघत राहिली. फार वेळ, निदान मला तरी तसं वाटलं.

"उठा!" कर्णा गरजला. "मिस ऑटली, उठा, फीत वाया चाललीय! पाठ! पाठ फिरवा! तोंड इकडे!"

ती उठली. पाठ फिरवली. काहीतरी बोलली. मी तिच्या मागे, फनेल माझ्या शेजारी गुडघ्यावर. आम्हा दोघांनाही काही कळलं नाही. टायडी ओरडतच होते, "हात! हात दाराकडे! आणखी ताठ!" तिचा हात वर गेला. दाराकडे.

फनेल उठला. टोपी घेतली. वाकला. दाराशी जाताना गालिच्यात पाय अडकून तो पडायचा होता, तसा पडलाही. टायडी म्हणाले, "झकास! या माणसासारखं पडणारा इंग्लंडात नाही!"

त्या दुपारी मिस ऑटली माझ्यावर डाव्या बाजूला येऊन बसली. पंखा मध्ये ठेवला. मग थोड्या वेळाने तो उचलून मांडीवर घेतला. फनेल आला नाही. दुसऱ्या दिवशी त्याची चिठ्ठी आली: उत्तरेला मोरकॅमला उन्हाळी खेळांची एक मंडळी बोलावतेय, कळवायला उशीर झाला, क्षमस्व, सगळ्यांना नमस्कार. मिस ऑटलीने ती चिठ्ठी वाचली, नीट घडी घातली आणि टायडींना परत दिली. "सुरेख अक्षर आहे," एवढंच म्हणाली.

उन्हाळाभर ती कामाला येत राहिली. नव्या नटांना टोपी कुठे ठेवायची ते शिकवत राहिली. पण दुपारी ती अंगणात उभ्यानेच खायची. माझ्यावर बसायची नाही. मी कोच आहे, मला वजनावरून माणसं कळतात; आणि जे वजन येईनासं होतं ते जास्तच कळतं.

सप्टेंबरमध्ये ते चित्र गावात लागलं. मिस ऑटली बघायला गेली नाही. केझाया गेली. शनिवारी पाहिलं, आणि सोमवारी कामाची वेळ होईपर्यंत तिला दम निघाला नसावा, कारण त्या सकाळी कुणी यायच्या आत ती काचघरात येऊन उभी होती. मिस ऑटली कपबशा मांडायला आली तशी केझायाने तिच्या हातातली किटली काढून घेतली आणि तिला ओढून माझ्यावर बसवलं. त्या बाईला कुणी ओढल्याचं मी त्याआधी पाहिलं नव्हतं.

"मी तुमचं चित्र पाहिलं," केझाया म्हणाली. तिचा आवाज सपाट, थोडा मोठा, बोलणाऱ्याने स्वतःच कित्येक वर्षांत न ऐकलेला. "तो बाजूने दिसतो, तरी सगळं वाचता आलं. त्याने तुमचं खरं नाव घेतलं. आत्याबाईचं नाही."

मिस ऑटली उठू लागली; केझायाने तिला पुन्हा बसवलं.

"आणि तुम्ही समोरून दिसता. अगदी मोठ्या. तुम्ही म्हणालात, 'कराल का म्हणून काय विचारता, मी कधीची वाट बघतेय. हे यंत्र थांबू द्या आणि पुन्हा विचारा.'"

"हो," मिस ऑटली म्हणाली. तिचा चेहरा पांढरा पडला होता. "म्हणाले. आणि त्याने पुन्हा विचारलं नाही. वाकला आणि निघून गेला. म्हणजे थट्टाच होती ना, केझाया? दरवेळी करायचा तशी. मी खरं उत्तर दिलं आणि तो घाबरून मोरकॅमला पळाला. या वयात माझं हसं झालं, आता ते पडद्यावर कशाला वाचतेस?"

केझाया तिच्या ओठांकडे डोळे विस्फारून बघत होती.

"पण त्याला कसं कळणार?"

"मी चांगली मोठ्याने बोलले!"

"तुमची त्याच्याकडे पाठ होती," केझाया म्हणाली. "पाठीला ओठ नसतात, मिस ऑटली."

जिला ऐकणं म्हणजे काय हे आठवतही नव्हतं तिने हे सांगावं! मिस ऑटलीला त्या दिवसाचा वारा आठवला असावा, टायडींचा कर्णा आठवला असावा, दाराकडे गेलेला स्वतःचा हात तर नक्कीच आठवला. ती माझा काठ घट्ट धरून बसली. मग म्हणाली, "अरे देवा. मीच त्याला शिकवलं. दुसऱ्यांदा विचारायचं नाही म्हणून."

"मग लिहा त्याला."

"बाईने आपणहून..."

"मी लिहू?"

"नको! तुझं शुद्धलेखन भयंकर आहे."

तीन दिवस ती त्या पत्राशी झगडली. शेवटी काय लिहिलं ते तिने केझायाला माझ्यावर बसूनच वाचून दाखवलं, ओठ नीट दिसतील असं, सावकाश. "आदरणीय मिस्टर फनेल, मेमध्ये घेतलेल्या दृश्यात एक चूक राहून गेली आहे. चूक माझ्या बाजूने आहे. ते पुन्हा घेणं आवश्यक वाटतं. रविवारी दुपारी येऊ शकाल का? आपली, ले. ऑटली." सभ्यपणात एक अक्षर कमी नाही.

ऑक्टोबरचा रविवार. कोवळं ऊन. फनेल आला तो सरळ मोरकॅमच्या गाडीतून. हातात मेजरच्या मिश्यांची डबी. काचघरात बघतो तर टायडी नाहीत, कॅमेऱ्यावर फडकं. मी मधोमध. माझ्यावर डाव्या बाजूला मिस ऑटली, आणि कोपऱ्यात स्टुलावर केझाया, शिवण घेऊन. कारण बाईने परपुरुषाला एकटीने भेटायचं नसतं, आणि हा नियम मोडायची मिस ऑटलीची तयारी अजून झालेली नव्हती.

"कॅमेरा कुठे आहे?" फनेलने विचारलं.

"कॅमेरा नाही."

"मग मिश्या लावू की नको?"

"नको. बसा."

तो बसला. उजवीकडे. मध्ये पंख्याइतकी जागा सोडून. टोपी जमिनीवर ठेवायची ती दोन्ही हातांत गरागरा फिरवत राहिला.

"चूक काय झाली होती?" त्याने विचारलं.

मिस ऑटलीने तोंड उघडलं आणि तिची नजर कोपऱ्यात गेली. केझाया टक लावून तिच्या ओठांकडे बघत होती. दोघींची नजरानजर झाली. केझाया उठली, स्टूल उचललं, भिंतीकडे वळवलं आणि आमच्याकडे पाठ करून बसली. तिच्या बाजूने तिने दार लावून घेतलं होतं.

"मी नाही म्हटलं नव्हतं," मिस ऑटली म्हणाली. तिच्या त्या आवाजात धडे देणारी बाई नव्हती. "मी हो म्हटलं होतं. तुमच्याकडे पाठ करून म्हटलं, ही माझी चूक. तोंड समोर करून म्हणायला हवं होतं."

फनेलच्या हातांत फिरणारी टोपी थांबली. मग तो म्हणाला, "मी गालिच्यात अडकून पडलो ना, ते मुद्दाम नव्हतं. मला समोरचं दिसत नव्हतं."

"मला कळायला हवं होतं. तुम्ही एवढं वाईट कधी पडत नाही."

तो गुडघा टेकायला उठू लागला तर तिने त्याच्या बाहीला धरून खाली ओढलं. "नको. ते फार झालं. इथेच बसा." तो बसला, पण आता पंख्याला जागा उरली नाही. पंखा माझ्या फटीत घसरला आणि दोघांपैकी कुणी तो शोधला नाही. त्या दिवशी माझ्या मधल्या दोन स्प्रिंगांना आयुष्यात पहिल्यांदा काम पडलं.

पाऊण तासाने केझायाने भिंतीकडे तोंड ठेवूनच विचारलं, "आता वळू का?" दोघांनी मिळून हो म्हटलं. तिला अर्थातच ऐकू गेलं नाही. मग फनेलने जाऊन तिच्या खांद्यावर हात ठेवला.

आणखी एक गोष्ट सांगितली पाहिजे. त्याच आठवड्यात टायडींकडे पत्रं यायला लागली. लीड्सहून, नॉरिचहून, कुठल्या कुठल्या गावांहून. सगळी बहिऱ्या माणसांची. चित्र त्यांच्या गावी पोचलं होतं आणि त्यांनी वाचलं होतं. एका शाळामास्तरांनी लिहिलं होतं: 'माझ्या सगळ्या विद्यार्थ्यांचं एकच विचारणं आहे, त्या मेजरला कुणी सांगितलं की नाही?' एका म्हातारीने नुसतं लिहिलं होतं: 'ती हो म्हणाली आहे. कृपया त्याला परत बोलवा.' टायडी सगळ्यांना लग्नाच्या पत्रिका पाठवत सुटले. नोव्हेंबरमध्ये चर्चच्या डाव्या बाजूच्या तीन रांगांत अशी माणसं बसली होती की ज्यांच्या हातवाऱ्यांनी पाद्रीबुवा दोनदा आपलं वाक्य विसरले.

मला टायडींनी अहेर म्हणून दिलं. या खेपेला घर तळमजल्यावर होतं.

त्या दोघांनी ते चित्र मग एकत्र पाहिलं. घरी आल्यावर फनेल माझ्यावर बसून म्हणाला, "इतकं स्पष्ट दिसतंय! एक मी सोडून सगळ्या देशाला कळलं." लेटिशिया म्हणाली, "बूट काढा आधी." आणि त्याने पाय वर घेतले तेव्हा काही बोलली नाही.

मग युद्ध आलं. फीत मिळेना, नट सैन्यात गेले, टायडींचं काचघर बंद पडलं आणि पुढे त्यात टोमॅटो लागले. चित्रांच्या फिती कुणी त्यांतली चांदी काढायला नेल्या, कुणी जागा अडते म्हणून जाळल्या. फार लवकर पेट घेणारी जात ती. पुढे बोलपट आले. जेबेझ आणि लेटिशिया एकदा बघून आले. "कसा होता?" केझायाने विचारलं. "सगळे सारखे बोलतात," जेबेझ म्हणाला, "आणि एकालाही काही सांगायचं नसतं."

तो एकोणीसशे एकतीसच्या हिवाळ्यात गेला. ती त्याच्यानंतर नऊ वर्षं होती. शेवटी शेवटी केझाया रोज यायची आणि दोघी माझ्यावर समोरासमोर तोंडं करून, आवाज न करता, नुसत्या ओठांनी तासन्‌तास बोलायच्या. काय बोलायच्या ते मला माहीत नाही. मी ओठ वाचू शकत नाही.

आता मी हेल्सकोमच्या हौशी नाटक मंडळीच्या सामानघरात असतो. मखमल गेली, फुलाफुलांचं सुती कापड आलंय. डावा मागचा पाय आता पाइनच्या लाकडाचा आहे आणि त्याची मला लाज वाटत नाही. मागच्या वर्षी एक बाई आल्या होत्या, जुन्या चित्रांचा शोध घेणाऱ्या. टायडींच्या चाळीस चित्रांपैकी एकही उरलेलं नाही म्हणाल्या. नुसती नावांची यादी उरलीय. माझ्यावर बसून त्यांनी ती यादी मला वाचून दाखवल्यासारखी मोठ्याने वाचली.

म्हणून तुम्हाला एकच विनवणी. तुमच्या किंवा तुमच्या शेजाऱ्याच्या माळ्यावर, एखाद्या बंद दुकानाच्या फळीवर, चपटा गोल पत्र्याचा डबा सापडला, उघडताच आंबूस वास आला, तर तो फेकू नका. उन्हात ठेवू नका, जवळ काडी ओढू नका. जाणकार माणसाला बोलवा. आत लोक आहेत. ते हसवायचं काम करत होते, आणि काम करता करता जगतही होते.

चला, मला उचलायला चार माणसं आली. आज तालीम आहे. दोन नवीन मंडळी आहेत: एक पोस्टातला विधुर आणि एक दातांच्या डॉक्टरीणबाई. गेल्या मंगळवारी दोघं माझ्या दोन टोकांना बसून आपापल्या वह्यांत बघत होती, इतकी लांब की मधे तो मिटलेला पंखा दोनदा आडवा मावला असता. दिग्दर्शक म्हणतो, जवळ सरका, लोकांना पटायला हवं.

मी त्याला सांगू शकलो तर सांगेन, बाबा, घाई करू नकोस. आम्हाला वेळ आहे.